नॅशव्हिलहून परत आले, गिफ्टचं लिहून ठेवते

रविवार, रात्रीचे साडेदहा

आत्ता घरी पोचले. नॅशव्हिल ते कोलंबस एरवी सहा तासांचा ड्राइव्ह, पण लुईव्हिलच्या पुढे पाऊस लागला आणि येताना घड्याळाचाही एक तास जातो, त्यामुळे दिवस गेलाच. बॅग दारातच पडलीये. तरी हे आज लिहायचंय, दोन दिवसांनी नुसते फोटो उरतील.

माझी एमएसच्या वेळची रूममेट, तिचं ऑक्टोबरात लग्न आहे आणि मी ब्राइड्समेड. नॅशव्हिलला तिची बॅचलरेट पार्टी होती (लग्नाआधी नवरीने मैत्रिणींबरोबर करायची मजा), आम्ही सहा जणी आणि ती सातवी. आईला फोनवर सांगताना मी करवली म्हणते, पण आपल्याकडे करवलीला कोण खर्च सांगतं, तिलाच साडी मिळते, तिचा मान असतो. इथे ड्रेस आपल्या पैशाने, शूज आपल्या पैशाने, प्रवास आपल्या पैशाने. (लंडनची मामेबहीण म्हणते तिकडे ड्रेस बहुतेक वेळा नवरीकडचे घेतात, आणि या पार्टीला तिकडे हेन डू म्हणतात.)

गिफ्ट नक्की किती वेळा द्यायचं हे मला इथे आल्यावर बरीच वर्षं कळलंच नव्हतं. एंगेजमेंटला दिलं तर दिलं. ब्रायडल शॉवरला मात्र न्यायचंच, तो कार्यक्रमच त्यासाठी असतो, आपल्या केळवणाच्या जवळचा म्हणता येईल, फक्त जेवणापेक्षा गिफ्टला महत्त्व जास्त. मग लग्नाचं वेगळं, ते रजिस्ट्रीतून, म्हणजे नवरा-नवरीने दुकानात लावून ठेवलेल्या यादीतून. ही रजिस्ट्रीची पद्धत शिकागोच्या मार्शल फील्ड्स दुकानाने १९२४ मध्ये सुरू केली, म्हणजे शंभर वर्षं होऊन गेली लोक यादीतून चादरी आणि पातेली निवडतायत, आणि मला ती पद्धत खरंच आवडते, एकाच घरात चार लेमन सेट जात नाहीत. लग्नाचं गिफ्ट हॉलवर न्यायचं नसतं, आधीच घरी पाठवायचं.

आणि बॅचलरेटला? रीत अशी की वेगळं गिफ्ट द्यायलाच पाहिजे असं काही नाही. नवरीचा खर्च बाकीच्यांनी वाटून घ्यायचा, झालं. घराचं दोन रात्रींचं भाडं २१०० डॉलर होतं. सात जणींत प्रत्येकी ३०० पडले असते, सहा जणींत ३५०. म्हणजे घराचेच पन्नास डॉलर प्रत्येकीने तिला दिले, शिवाय तिची जेवणं, पेडल टॅव्हर्नचं तिकीट (तो पायडल मारत चालवायचा चाकांवरचा बार), तिची गुलाबी हॅट. हे गिफ्टच आहे की, भरपूर मोठं, फक्त त्याला रॅपिंग पेपर नसतो म्हणून कुणाच्या लक्षात येत नाही.

पण निघायच्या तीन दिवस आधी ग्रुपवर मेसेज आला. नवरीची बहीण मेड ऑफ ऑनर, म्हणजे मुख्य करवली, सगळं तीच ठरवत होती. शुक्रवारी रात्री प्रत्येकीने एकेक लॉन्जरी आणायची, साधारण ५० डॉलरपर्यंत, नवरी सगळ्यांसमोर उघडेल आणि कुणी काय आणलं ते ओळखेल, असा गेम. इथे हा गेम खूप ठिकाणी खेळतात, त्यात वावगं काही नाही. पाच मिनिटांत माझ्या फोनवर वेगळा मेसेज आला, आमच्यातल्या सगळ्यात धाकटीचा, नर्सिंगला आहे ती, वीकेंडला कॅफेत काम करते. "मला आणावंच लागेल का?" एवढंच.

मला एकदम मावशी आठवली. मी आठवीत असेन, सांगलीकडे एका लग्नात मांडवात माईकवर आहेर वाचत होते, अमुक यांच्याकडून पाचशे एक, तमुक यांच्याकडून पाचशे एक, आणि मध्येच मावशीचं नाव आणि एक्कावन्न रुपये. मावशी माझ्या शेजारी बसली होती. तिने पदर नीट केला, मग परत नीट केला, मग माझी वेणी सोडून पुन्हा घालायला लागली, आणि ती चांगली घातलेली होती. त्या वर्षी काकांची गिरणी बंद होती हे तिथे कुणाला माहीत असणार. आईकडे आहेराची वही अजून आहे, कुणी किती दिले बघून ती पुढच्या लग्नात थोडे वाढवून परत करते, त्याचं मला काही वाटत नाही, वही कपाटात असते. माईकचं मात्र मला तेव्हापासून सहन होत नाही.

म्हणून मी नवरीच्या बहिणीला फोनच केला, ग्रुपवर लिहिलं नाही. धाकटीचं नाव घेतलं नाही. म्हणलं, आपण एकच काहीतरी मिळून घेऊया, तू एकटी पैसे गोळा कर, जिला जे जमेल ते ती तुला देईल, आकडा तुझ्यापाशीच राहू दे, आणि कार्डावर सहाही जणींच्या सह्या. ती दोन सेकंद गप्प झाली आणि म्हणाली, माझ्या डोक्यातच आलं नाही गं, मी फक्त तिला मजा यावी एवढंच बघत होते. आणि लगेच ग्रुपवर प्लॅन बदलल्याचं टाकलं, स्वतःच्या नावावर. मला ती त्या दिवशी फार आवडली.

आता मला वाटतं की हे सगळं पहिल्याच दिवशी बोलायला हवं. तारीख ठरवायच्या आधी एकूण आकडा सांगायचा, नवरीच्या वाट्यासकट, आणि जिला जमणार नाही तिने फक्त एका रात्रीसाठी आलं तरी तिचा मान तेवढाच ठेवायचा. आम्ही घर बुक केल्यावर आकडा सांगितला, ती चूक सगळ्यांची, माझीही.

शुक्रवारी रात्री सिल्कचा नाइटगाऊन निघाला बॉक्समधून, कार्डावर सहा सह्या. मग मी बांगड्या काढल्या. आई एप्रिलमध्ये आली तेव्हा तुळशीबागेतून मुद्दाम आणायला लावल्या होत्या, हिरव्या काचेच्या, दोन सहा आणि दोन आठच्या. लग्नघरात कासार येतो तेव्हा नवरीला चुडा भरतो आणि मग घरातल्या सगळ्या बायका पुढे हात करतात, पैसे लग्नघराचे, हे मी त्यांना सांगितलं, आणि सातही जणी किचनच्या सिंकपाशी रांगेत उभ्या राहिल्या. नवरीचा हात मोठा, दोन आठही जाईना. भांडी घासायचा साबण लावला, अंगठा तळव्यात मुडपून धरला आणि एकेक सरकवत गेले, ती डोळे मिटून उभी होती. तिसरी वाढली. फुटली म्हणायचं नाही, वाढली म्हणायचं, हे पण सांगितलं, तर धाकटी तो शब्द घोकत बसली.

शनिवारी नॅशव्हिलच्या ब्रॉडवे रस्त्यावर दुपारपासून होतो. तिथल्या हॉन्की टॉन्कमध्ये (बँड वाजत असतो ते बार) बहुतेक ठिकाणी आत जायला पैसे पडत नाहीत, बँडवाले टिपवर वाजवतात, गाण्यांच्या मध्ये बादली फिरते. आम्ही सगळ्याच टाकत होतो, कुणी कुणाच्या हाताकडे बघत नव्हतं, आणि नाचताना सात मनगटांचा आवाज.

शॉवरला मी जुलैत जाऊन आलेच आहे, तिथलं गिफ्ट झालं. लग्नाचं राहिलंय. मघाशी रजिस्ट्री उघडून बघितली, कास्ट आयर्नचं मोठं पातेलं अजून कुणी घेतलेलं नाही, एकटीला जरा जास्त आहे. उद्या नवरीच्या बहिणीला विचारते, दोघींत घेऊया का.