भरावावरचा पाऊस

कल्पित जगातलं जादुई हवामान बहुतेक वेळा एकाच कारणाने फसतं: ते लेखकाच्या सोयीने येतं. नायक अडचणीत आला की वादळ उठतं, सुटका झाली की आभाळ निवळतं. वाचकाला हे दोन प्रकरणांत कळतं आणि मग कसली भीती? गूढ ठेवायचं ते कारणात, वागणुकीत नाही. पाऊस का पडतो हे कुणाला न कळो, पण कधी, कुठे, किती पडतो हे त्या गावातल्या पोरासोरांना तोंडपाठ असलं पाहिजे.

मुंबईत बसून लिहिणाऱ्याला त्यासाठी लागणारा माल पायाखालीच सापडतो. म्हणून एक घटना पूर्ण रचून दाखवते. साततळी नावाचं बंदर घ्या. तिथे दर अमावास्येला उधाणाच्या भरतीबरोबर खारा पाऊस पडतो आणि तो पडतो फक्त समुद्र बुजवून केलेल्या जमिनीवर. मूळच्या बेटांवर थेंब नाही.

पहिलं काम नकाशाचं. आधी जुना किनारा काढा आणि त्यावर ट्रेसिंग पेपर ठेवून आजचं शहर काढा. दोन्हींमधला भाग हा पावसाचा. कुलाबा, धाकटा कुलाबा, मुंबई, माझगाव, परळ, वरळी, माहीम ही सात बेटं आणि त्यांच्यामध्ये घातलेला भराव हा नमुना समोर आहेच. सीमा गल्लीच्या मधून, जमलं तर एखाद्या घराच्या मधून न्या. पावसाला अशी रेष असते का, ही शंका मनात आणू नका. २६ जुलै २००५ ला सांताक्रूझला २४ तासांत ९४४ मिलिमीटर पडला आणि त्याच काळात कुलाब्याला जेमतेम ७३. जादूने ती रेष फक्त दोन पावलांवर आणायची आहे.

मग वेळ, आणि सगळ्यात जास्त चुका इथे होतात. आपल्या किनाऱ्यावर तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ मिळते: चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा, अमावास्येला पंधरा धरून सव्वाअकरा. दुसरी भरती त्यानंतर साधारण साडेबारा तासांनी. म्हणजे अमावास्येची भरती दुपारी किंवा मध्यरात्री, त्याच सुमारास येणार. सूर्यास्ताच्या तांबड्या उजेडात खारा पाऊस हवा असेल, तर तो मिळत नाही. सहाची भरती अष्टमीची, आणि अष्टमीला उधाण नसतं, भांग असते, म्हणजे कमी उंचीची भरती. हा प्रसंग सोडून द्या किंवा बंदरच दुसरीकडे न्या. नियम वाकवू नका. उलट एक खरी गोष्ट वापरा: मुंबईत पावसाळ्यात दिवसाची भरती मोठी असते, हिवाळ्यात रात्रीची. साततळीचा पाऊस दोनपैकी मोठ्या भरतीवर पडतो असं ठरवलं, की श्रावणात तो भर दुपारी येतो आणि पौषात लोक झोपेत असताना.

प्रमाण भरतीच्या उंचीला बांधा. ४ मीटरपर्यंत काही नाही, त्यावर प्रत्येक १० सेंटिमीटरला ४ मिलिमीटर. साडेचार मीटरच्या भरतीला २० मिलिमीटर झाला. ऐकायला किरकोळ वाटतो, पण १ मिलिमीटर म्हणजे चौरस मीटरला १ लिटर, आणि समुद्राच्या लिटरभर पाण्यात साधारण ३५ ग्रॅम मीठ. एका सरीत चौरस मीटरवर ७०० ग्रॅम! कोरड्या आठ महिन्यांत ५ किलो ६०० ग्रॅम. हा हिशेब न करता खारा पाऊस पाडणारे लेखक त्याच मातीत भाजीचे वाफे दाखवतात, आणि जाणत्या वाचकाचा विश्वास तिथेच उडतो. म्हणून साततळीला गोडा पावसाळाही भरपूर द्यायला हवा. कोकणातल्या खार जमिनीत हेच चालतं: पावसाने मीठ धुऊन खाली नेलं की भात, तोही खारं सोसणारा. मृगाने ओढ दिली तर भरावावरची लावणीच होत नाही, आणि कथेला खरा ताण इथून मिळतो.

घरं बदलतील. मिठाने काँक्रीटमधल्या सळया गंजतात, गंज फुगतो, काँक्रीट तडकतं. म्हणून भरावावर जांभा, चुना आणि लाकूड. लोखंडी बिजागरी फक्त बेटांवर. गच्चीच्या फटीत पिंपळ रुजत नाही, तिवर रुजतो. त्याच्या पानांवर मिठाचे कण दिसतात तेही लिहा. पाण्याचा निचरा विसरू नका. पाऊस ऐन भरतीला, तेव्हा समुद्राचं पाणी आत येऊ नये म्हणून नाल्यांची दारं बंद. ओहोटी लागून दारं उघडेपर्यंत रस्त्यावर गुडघाभर पाणी असू शकतं, मुंबईकराला हे समजावून सांगावं लागत नाही.

कारणाबद्दल कोळी म्हणतील समुद्र आपली जागा मोजून जातो. बांध घालणारे म्हणतील मातीत अडकलेलं पाणी वर ओढलं जातं. पुजारी तिसरंच काही सांगतील. तिघांचंही वरच्या नियमांशी जुळलं पाहिजे, आणि लेखकाने निकाल देऊ नये. निकाल दिला की ते नुसतं यंत्र होतं.

याहून मोलाचं आहे ते जमिनीचं राजकारण. जुन्या किनाऱ्याचा नकाशा जवळ बाळगणं साततळीत गुन्हा असावा, कारण घरमालकांना कोरडं भाडं हवं. घर घेणारे मग काय करतात? अमावास्येनंतर सकाळी विटेच्या सांध्याला जीभ लावतात, विहिरीचं पाणी चाखतात, दाराचे खिळे तांब्याचे आहेत का बघतात.

एक नियम शेवटी ठरवावाच लागतो: नव्या भरावावर पाऊस कधी सुरू होतो? माझ्या मते बांधाचं तोंड बंद झाल्यावरच्या पहिल्याच अमावास्येला, माती पुरती टाकली नसली तरी. मग कंत्राटदार तोंड बंद करायचा दिवस शुद्ध प्रतिपदेला धरतात. त्यामुळे त्यांना जवळजवळ महिनाभर कोरडं काम मिळतं.