हाच तो मुलगा

परवा रात्री आमच्या इंदूरच्या घरी, रामबागेत, आत्याने आयरिश नाटककार सॅम्युअल बेकेटच्या नाटकातला एक साक्षीदार खोटा पाडला.

मी 'वेटिंग फॉर गोदो' लावून बसलो होतो. 2001 च्या सुमारास बेकेटची 19 नाटकं पडद्यासाठी चित्रित झाली आणि टीव्हीवर दाखवली गेली, त्यातलं हे. आत्या मेथी निवडत होती. ओसाड रस्ता, एक झाड, दोन भणंग आणि न येणारा गोदो. इंग्रजी तिला जेमतेम. मी मधूनमधून सांगत होतो. पहिला अंक संपताना एक मुलगा निरोप आणतो: आज जमणार नाही, उद्या नक्की. आत्या म्हणाली, "आपल्या टेलरकडचा पोरगा!"

दुसऱ्या अंकात झाडाला चार-पाच पानं फुटलेली, बाकी सगळं तेच. पुन्हा मुलगा येतो आणि म्हणतो, काल मी आलोच नव्हतो. आत्याने मेथीची जुडी खाली ठेवली.

"खोटं बोलून राहिलाय. हाच होता."

"अगं आत्या, खात्री देता येत नाही, तीच तर गंमत आहे."

"न द्यायला काय झालं? मागे घे."

घेतलं. थांबवलं. तेच नाक, तेच डोळे. "बघ."

मी काय बोलणार? खंडवा रोडवरच्या विद्यापीठाच्या सभागृहात आम्ही नाटकं बघतो ती बहुतेक मागच्या रांगेतून. तिथून हा पोरगा करंगळीएवढा दिसला असता. काल हाच होता का, यावर आत्यानेही शपथ घेतली नसती. शिवाय मागे घ्यायची सोय नाही, आणि रांगेतल्या दहा जणांचे गुडघे ओलांडल्याशिवाय उठायचीही नाही. त्या दोघांबरोबर आपणही अडकलेले. बीबीसीने 1961 साली हे नाटक टीव्हीवर आणलं तेव्हा खुद्द बेकेट नाराज झाला होता. मोठ्या जागेत कोंडलेल्या लहान माणसांचं हे नाटक, या खोक्यात ती फारच मोठी दिसतात, अशी त्याची तक्रार. (आमचा टीव्ही तर 43 इंची.)

दोघा भणंगांतला एक, व्लादिमिर, बिचारा त्या मुलाला परोपरीने विचारतो, मला ओळखत नाहीस का? त्याच्या हातात रिमोट नाही.

"लाव पुढे," आत्या म्हणाली. लावलं. शेवटी दोघं म्हणतात, चला, जाऊ या. आणि जागचे हलत नाहीत.

आत्या मात्र उठली. मेथी फडक्यात गुंडाळून फ्रिजमध्ये ठेवायची होती.