शॅटकाइटची ओळख पटवताना

पुण्यातील एका विक्रेत्याकडून मागवलेला निळा खडा घरी आला, तेव्हा त्याच्यासोबत ‘शॅटकाइट, नामिबिया’ एवढीच चिठ्ठी होती. शॅटकाइट म्हणजे तांब्याचे निळे सिलिकेट खनिज. खानापूर तालुक्यात रसायनशास्त्र शिकवणाऱ्या माझ्यासारख्या माणसाला चिठ्ठीवर विसंबणे शोभणारे नव्हते. त्यातच आईने खडा पाहताक्षणी, द्राक्षबागेतला मोरचूद घरात कशाला आणलास, असे विचारले.

मोरचूद पाण्यात विरघळतो. हा खडा रात्रभर पाण्यात राहूनही पाणी नितळच होते. रंगवलेले पांढरे दगड निळे म्हणून सर्रास विकले जातात, म्हणून ॲसिटोनचा बोळा फिरवला. तो स्वच्छ राहिला. आम्लाचा थेंब टाकल्यावर बुडबुडे आले नाहीत, म्हणजे ॲझुराइटसारखे कार्बोनेट नव्हते. थोडी भुकटी कोमट आम्लात ठेवून वरच्या द्रवात अमोनिया घातला, तेव्हा गडद निळा रंग उमटला आणि तांबे असल्याची खात्री झाली. वाघोलीच्या प्रसिद्ध निळ्या कॅव्हनसाइट खनिजात तांबे नसून व्हॅनेडियम असते, तेव्हा एका सहकाऱ्याची ती शंकाही मिटली.

खरी अडचण क्रिसोकोलाची होती. तेही तांब्याचे निळसर सिलिकेटच, पण स्वस्त आणि मुबलक. त्याची घनता (पाण्याच्या तुलनेत) साधारण 2 ते 2.4, तर शॅटकाइटची 4.1 च्या आसपास असते. महाविद्यालयाचा तराजू बिघडलेला असल्याने मी बेळगावच्या खडेबाजारातील ओळखीच्या सराफांकडे गेलो. त्यांनी आधी खडा तोलला: 18.42 ग्रॅम. मग पाण्याचा पेला तराजूवर ठेवून आकडा शून्यावर आणला आणि दोऱ्याला बांधलेला खडा, तळाला वा कडेला न टेकवता, पाण्यात सोडला, आकडा 4.65 वर थांबला. हे खड्याने बाजूला सारलेल्या पाण्याचे वजन. दोन्ही वजनांचा भागाकार 3.96 आला आणि क्रिसोकोला बाद झाला. “काकडी तोलावी तसा दगड तोलून घेतलात,” असे म्हणत त्यांनी पैसे घेतले नाहीत.

तरीही प्लँशेइट हे खनिज उरले होते. त्याचे घटक शॅटकाइटचेच आणि दिसणेही जवळजवळ सारखे. त्याची घनता थोडी कमी असते, परंतु माझ्या खड्यात क्वार्ट्झच्या पांढऱ्या शिरा असल्याने त्या आकड्यावरून निवाडा करणे धाडसाचे झाले असते. असा निवाडा क्ष-किरण विवर्तनाने होतो, म्हणजे भुकटीवर क्ष-किरण सोडून मिळालेल्या आलेखावरून स्फटिकातील अणूंची मांडणी ओळखली जाते. एका विद्यापीठाच्या प्रयोगशाळेचा अर्ज कन्नडमध्ये होता. तो माझ्या विद्यार्थिनीने भरून दिला. त्यांना अख्खा खडा नको होता, मैद्यासारखी भुकटी हवी होती, म्हणून एक कोपरा फोडून अकीकाच्या खलात घोटावा लागला. ते करताना मन कचरले, हे मान्य करतो.

पाच आठवड्यांनी आलेख आला: शॅटकाइट आणि क्वार्ट्झ. अ‍ॅरिझोनातील बिस्बी येथील शॅटक खाणीवरून 1915 मध्ये नाव मिळालेले हेच ते खनिज. मात्र खडा कोठल्या खाणीतला, हे या आलेखातून कळत नाही, म्हणून नव्या चिठ्ठीवर मी ‘शॅटकाइट, क्वार्ट्झसह, स्थळ विक्रेत्याच्या सांगण्यावरून नामिबिया’ असे लिहिले आहे.