घोड्याचं नाव, घोड्याचं कर्ज

राणीच्या बागेत पाणघोड्यासमोर भाची उभी होती. वय वर्षं सहा. पाण्यावर फक्त दोन कान आणि नाकपुड्या, बाकी सगळा ऐवज त्या हिरवट पाण्याखाली. "मामा, ह्याला घोडा का म्हणतात? हा तर म्हशीसारखाय." मुद्दा बिनतोड. म्हटलं अगं, ही ग्रीकांची करामत, त्यांच्याकडे हिप्पोस म्हणजे घोडा आणि पोटामोस म्हणजे नदी, म्हणून नदीतला घोडा. तिला काही ते पटलं नाही, ती निघाली पेंग्विन बघायला, अडकलो मी.

कारण ह्या लोकांना खरंच जिथेतिथे घोडा दिसायचा. फिलिप म्हणजे घोडेप्रेमी. डॉक्टर लोक ज्याच्या नावाने शपथ घेतात त्या हिपोक्रॅटिसच्या नावात घोडा, सॉक्रेटिसच्या बायकोच्या, झँथिपीच्या नावातही घोडा. (आपला अश्व आणि त्यांचा हिप्पोस हे भाषेच्या नात्याने चुलतभाऊच, पण आपण अश्विनी, अश्वत्थामा वगैरेंवर भागवलं.) डोंगराळ देश, चराई कमी, त्यामुळे घोडा पोसणं हे खानदानी श्रीमंतांचं काम, आणि नावात घोडा असला की घराणं मोठं वाटायचं.

ह्यावरून एका घरात बारशालाच भांडण झालेलं. ॲरिस्टोफेनिस ह्या ग्रीक नाटककाराचं 'ढग' नावाचं विनोदी नाटक आहे, इ.स.पू. 423 चं. बायको मोठ्या घरची, तिला पोराच्या नावात हिप्पोस हवाच. नवरा स्ट्रेप्सिआडिस गावाकडचा, चिक्कू, त्याला आपल्या बापाचं नाव ठेवायचं होतं, फिडोनिडिस, ज्यात काटकसर आहे. शेवटी तडजोड, फिडिपिडिस. म्हणजे काटकसर आणि घोडा एकाच नावात, आता बोला!

पोराने त्यातला फक्त घोडा उचलला. नाटक उघडतं तेच रात्री, म्हाताऱ्याला झोप नाही, पोरगा पाच पांघरुणांत घोरतोय आणि झोपेतसुद्धा रेसबद्दल बडबडतोय. बाप नोकराला दिवा लावायला सांगून हिशोबाची वही काढतो: घोड्याचे 12 मिना, शिवाय रथाचे नि चाकांचे 3. एका मिनाचे 100 द्राख्मा, आणि कुशल कारागिराला साधारण दिवसाला एक द्राख्मा मिळायचा, म्हणजे नुसत्या घोड्यालाच 1200 दिवसांची मजुरी. त्यात दिव्यातलं तेल संपतं आणि तो नोकरावर खेकसतो की एवढी जाड वात घातलीसच कशाला. हा माणूस मला आमच्या चाळीतला वाटतो. पोराची बाईक, बापाचा हप्ता.

आता एवढा पैसा घालायचा तर घोडा बघून घ्यावा. झेनोफन नावाच्या ग्रीक सेनापतीने त्यावर अख्खं पुस्तकच लिहिलंय. तो म्हणतो आधी पाय बघा, पाया कच्चा असेल तर वरचं घर कितीही चांगलं असून काय उपयोग. चांगला खूर पोकळ असतो आणि जमिनीवर झांजेसारखा वाजतो, ते ऐका. आणि रागात असताना घोड्याजवळ जाऊ नका. हे सगळं रिकीब नसलेल्या काळातलं, मांड्यांच्या जोरावर बसायचं.

पण मला खरे आवडतात ते होमरच्या 'इलियड' महाकाव्यातले, ट्रॉयच्या युद्धातल्या वीर अकिलीसचे दोन घोडे, झँथोस आणि बालिओस. वाऱ्याची पोरं, अमर. अकिलीसचा जिवलग मित्र पॅट्रोक्लस मारला जातो तेव्हा हे दोघं रणात थिजतात, थडग्यावरच्या दगडासारखे. सारथी चाबूक मारतो, गोंजारतो, धमकावतो, ते ढिम्म. माना खाली, डोळ्यांतून गरम पाणी, आयाळ धुळीत. वरून बघणाऱ्या देवांच्या राजालाही, झ्यूसलाही वाटतं, उगाच ह्यांना मरणाऱ्या माणसांच्या हवाली केलं. नंतर अकिलीस त्यांनाच टोमणा मारतो की ह्या वेळी तरी आपल्या माणसाला जिवंत परत आणा. तेव्हा हेरा देवी झँथोसला वाचा देते आणि तो सांगतो, आज आम्ही तुला वाचवू, पण तुझा दिवस जवळ आलाय. एवढं बोलला आणि त्याचा आवाज कायमचा बंद. अकिलीस म्हणतो, मला माहितीये रे, तू कशाला सांगतोस.

परतीच्या लोकलमध्ये हे भाचीला सांगितलं, बाप्यांची मारामारी गाळून. ती बराच वेळ खिडकीबाहेर बघत होती. मग म्हणाली, "आणि दुसरा घोडा? तो काय म्हणाला?"

बालिओसच्या तोंडी एकही वाक्य नाही, हे माझ्या तोवर लक्षातच आलं नव्हतं.