यानिस स्ट्रेइच पावसाळ्यात दाखवायचा तर

म्हातारीला लॉटरीत मोटार लागते आणि एरवी तिकडे न फिरकणारे नातेवाईक एकाएकी दारात हजर. लाटव्हियन दिग्दर्शक यानिस स्ट्रेइच याच्या 'यानीच्या रात्रीच्या रंगाची लिमुझीन' (१९८१) या सिनेमाचं मूळ एवढंच. चाकरमानी गणपतीला आले की ओटीवर सातबाराचा विषय निघतोच, त्यामुळे कोकणातल्या प्रेक्षकाला यातलं फारसं काही समजावून सांगावं लागत नाही.

गाडीचं मोल मात्र आधी सांगा. सोव्हिएत काळात गाठीला पैसे असले तरी मोटारीसाठी वर्षानुवर्षं नंबर लावून बसावं लागे. लॉटरीतली 'झिगुली' ही सोव्हिएत मोटार म्हणजे ती रांग चुकवून मिळालेलं घबाड. हे कळलं नाही तर एका साध्या गाडीसाठी एवढी धावपळ कशाला, हा प्रश्न शेवटपर्यंत अडतो.

स्ट्रेइच हावरटपणावर भाषण देत नाही, हावरटांना कामाला लावतो. नातेवाईक मंडळी मिर्ताच्या, म्हणजे त्या म्हातारीच्या, घरी राबतात, गोड बोलतात आणि डोळा गाडीवर. मिर्ता झालेल्या लिलिता बेर्झिन्या या मुरलेल्या रंगभूमीच्या नटी. संगीत राइमंड्स पाउल्सचं. शेवट सांगत नाही.

स्ट्रेइचचा जन्म १९३६ चा, लाटव्हियाच्या लाटगाले भागातला. सॉमरसेट मॉमच्या कादंबरीवरचा 'थिएटर' (१९७८) त्याचाच. पण 'लिमुझीन'नंतर 'माणसाचं लेकरू' (१९९१) बघा: तो लाटगालियन भाषेत आहे, आपल्याकडे एखाद्याने सगळा सिनेमा मालवणीत करावा तसा. 'थिएटर' मागाहून पाहिला तरी चालेल, त्याची जात वेगळी.

यानी हा लाटव्हियातला उन्हाळी सण, २३ जूनच्या रात्रीचा: शेकोट्या, ओकच्या पानांचे मुकुट, शहाजिरं घातलेलं चीज. त्याच रात्री खेळ लावावासा वाटणारच. पण तोवर आपल्याकडे पाऊस लागलेला असतो आणि सभागृहाला पत्रे असले तर संवाद ऐकूच येत नाहीत. म्हणून मराठी सबटायटल्स हवीतच. (हक्कधारकाची लेखी परवानगी त्याआधी.)

एका वेळी दोनच ओळी ठेवा. सबटायटल्सची फाइल यूटीएफ-८ (अक्षरं साठवण्याची एक पद्धत) मध्ये सेव्ह करा, नाहीतर देवनागरीच्या जागी प्रश्नचिन्हं किंवा भलतीच अक्षरं दिसतात. पेनड्राइव्ह थेट टीव्हीला लावला तर बऱ्याच सेटवर जोडाक्षरं फुटतात. हँडब्रेक या व्हिडिओच्या सॉफ्टवेअरमध्ये 'बर्न इन' करून अक्षरं चित्रातच बसवून टाकावीत. त्याआधी फ्रेम रेट (सेकंदाला किती चित्रं) तपासा. २४ च्या प्रतीसाठी केलेली सबटायटल्स २५ च्या प्रतीला लावली तर तासाभरात जवळजवळ अडीच मिनिटांचा फरक पडतो. सुरुवातीची दहा मिनिटं बघून हे नीट लक्षात येत नाही, शेवटचा प्रसंग लावून बघा.

आणि दिव्याचा प्रोजेक्टर असेल तर नुसत्या इन्व्हर्टरवर विसंबू नका. लाइट गेल्यावर इन्व्हर्टर लागेपर्यंतच्या क्षणात तो बंद पडू शकतो, आणि मग गार झाल्याशिवाय दिवा पेटत नाही. मध्ये यूपीएस लावा.