खूण बरोबर, फेरा चुकीचा

परळीहून अंबाजोगाईला येताना घाट चढावा लागतो. श्रावणी सोमवारी वैजनाथाचं दर्शन करून येताना आमची अँबेसिडर त्या घाटात दोनदा थांबली. बंद पडली नाही, मलाच थांबवावी लागली. टेम्परेचरचा काटा लाल पट्टीला टेकलेला, सेकंड गिअर टाकूनही गाडीला ओढ नाही, आणि मागच्या सीटवर आई. "तुझे काका होते तवा ही अशी दमत नव्हती," एवढंच ती म्हणाली आणि पदराने वारा घेत बसली. तेवढं बोलणं मला पुरे झालं.

गाडी १९७७ ची, मार्क थ्री. १४८९ सीसीचं पेट्रोल इंजिन, मुळात इंग्लंडच्या बीएमसीचं, म्हणजे ब्रिटिश मोटर कॉर्पोरेशनचं. आपल्याकडे हिंदुस्थान मोटर्सने उत्तरपाड्याच्या कारखान्यात ते वर्षानुवर्षं बनवलं. २०१४ साली अँबेसिडर बनणंच थांबलं. काकांनी ती सेकंड हँड घेतली होती, माझ्याकडे ती वारशाने आली, आणि वारशात गाडीसोबत आधीच्या सगळ्या मेकॅनिकांच्या करामतीही आल्या.

गाडी गरम होते म्हटल्यावर जो तो रेडिएटरकडे बोट दाखवतो. मीही तेच केलं. रेडिएटर साफ करून आणला, होज बदलले, थर्मोस्टॅट गरम पाण्यात टाकून उघडतो का ते पाहिलं. खिसा हलका झाला, काटा जिथल्या तिथे. शेवटी गल्लीतल्या चाचांना बोलावलं. चाचा एसटीच्या वर्कशॉपमधून निवृत्त झालेले. त्यांनी बॉनेटला हातसुद्धा लावला नाही. सायलेन्सरच्या मागे उकिडवे बसले, दोन मिनिटं आवाज ऐकला, हात धुराजवळ धरला आणि म्हणाले, "पानी का कुछ नै बाबा. इसकी आग लेट है."

म्हणजे ठिणगी उशिरा पडत होती. पिस्टन वर येऊन खाली निघाल्यावर पेट्रोल पेटायचं, त्यामुळे त्याचा धक्का पिस्टनला पुरता मिळायचा नाही, आणि अजून जळत असलेली वाफ एक्झॉस्ट व्हॉल्व्हमधून बाहेर जाताना सगळी उष्णता हेडला आणि पाण्याला देऊन जायची. ओढ नसणं आणि तापणं हे दोन आजार नव्हतेच, एकच होता. एवढं सांगून चाचा दुसऱ्या दिवशी लेकीकडे उदगीरला निघून गेले. शनिवारी सुट्टी होती. म्हटलं, आपणच बघू.

गाडी लिंबाखाली घेतली. चारही प्लग काढले, डेल्कोची टोपी काढली (म्हणजे प्लगांना पाळीपाळीने ठिणगी वाटणारा डिस्ट्रिब्युटर, पण तसं म्हणणारा मेकॅनिक मला आमच्या भागात अजून भेटलेला नाही), एअर फिल्टरही काढून ठेवला. प्लगच्या वायरी टोपीतून उपसल्या आणि एका पिशवीत टाकल्या. नंबर टाकले नाहीत. चारच तर वायरी, त्यात काय लक्षात ठेवायचं! असो.

आधी टायमिंग चेन तपासली, म्हणजे इंजिनची गती डेल्कोपर्यंत पोचवणारी साखळी. स्टार्टिंग हँडल पुढून घालून इंजिन थोडं पुढे, थोडं मागे असं फिरवायचं आणि डेल्कोतला रोटर (ठिणगी कुठल्या प्लगच्या वायरीला द्यायची ते ठरवणारा फिरता तुकडा) किती उशिराने हलतो ते बघायचं. हँडल हललं आणि रोटर ढिम्म, असं बराच वेळ होत असेल तर चेन ढिली, मग पुढचं कव्हर उघडल्याशिवाय गत्यंतर नाही. आमची ठीक निघाली. सुटलो.

मग पॉइंट, म्हणजे डेल्कोतली करंटची उघडमीट करणारी जोडी; ते उघडले की ठिणगी पडते. टोकांवर एकीकडे टेकाड, दुसरीकडे खड्डा. पॉलिश पेपरने सपाट केले आणि फीलर गेजने फट ०.३५ ते ०.४० मिलिमीटरच्या मधे आणली. हे काम टायमिंगच्या, म्हणजे ठिणगीची वेळ लावायच्या, आधीच करावं लागतं, कारण फट बदलली की पॉइंट उघडण्याची वेळही सरकते. उलट क्रमाने केलं तर केलेलं टायमिंग पाण्यात.

आता खरी खूण. ही क्रँकच्या, म्हणजे पिस्टन ज्याला फिरवतात त्या दांड्याच्या, पुलीवर असते आणि तिच्यासमोरचे काटे टायमिंग कव्हरच्या खालच्या अंगाला. म्हणजे पोतं अंथरून गाडीखाली जायचं आणि नाकात काळं तेल गळत असताना बॅटरीच्या उजेडात बघायचं. काटे तीन: लांब काटा म्हणजे एक नंबरचा पिस्टन अगदी वर, आणि बाकीचे दोन त्याआधीचे ५ आणि १० अंश. काटे चिंधीने पुसले तर व्यवस्थित दिसले. पुली पुसली तर तिच्यावर खुणाच तीन! एक बारीक खाच, एक पांढऱ्या रंगाचा फराटा, आणि एक छिन्नीचा घाव. तीन पिढ्यांचे तीन मेकॅनिक, प्रत्येकाचं आपलं मत.

चाचांना फोन लावला. पलीकडे नातवंडांचा गोंधळ. "तीन निशान हैं चाचा, कौनसा सच्चा?"

"निशान से क्यों पूछ रा? पिस्टन से पूछ."

पिस्टनला विचारायची पद्धत अशी. जुना प्लग घेतला, आतली चिनी माती फोडून काढली आणि त्यात एक लांब बोल्ट बसवला, टोक कानशीने गोल करून. हा प्लग एक नंबरच्या भोकात बसवला की पिस्टन वर येताना बोल्टला अडतो. हँडल अगदी हलक्या हाताने फिरवायचं. चुकूनही स्टार्टर मारायचा नाही, नाहीतर पिस्टनला भोक. पिस्टन अडला की लांब काट्यासमोर पुलीवर पेन्सिलने रेघ मारायची. मग उलट्या दिशेने फिरवायचं, पुन्हा अडेपर्यंत, पुन्हा रेघ. या दोन रेघांचा बरोबर मध्य लांब काट्यासमोर आला की पिस्टन सगळ्यात वर. वर पोचल्यावर पिस्टन क्षणभर रेंगाळतो, त्यामुळे नुसत्या डोळ्याने किंवा भोकात काडी घालून ती जागा नेमकी कळत नाही. अडवून मध्य काढला की अंदाजाला जागाच उरत नाही.

शिवणाच्या डब्यातली टेप पुलीवर धरली, मध्य काढला. तो खाचेवरच आला. म्हणजे कारखान्याची खाच खरी. पांढरा फराटा तिथून १४ मिलिमीटर लांब. माझ्या पुलीचा व्यास जवळपास १३ सेंटिमीटर, म्हणजे घेर ४१ च्या आसपास, एका अंशाला एक मिलिमीटरहून थोडं जास्त. हिशोब केला तर फराटा १२ अंशांनी चुकलेला, आणि तोही उशिराच्या बाजूला. कुणीतरी त्या फराट्यावर भरवसा ठेवून ५ अंश आधीचं टायमिंग लावलं होतं. प्रत्यक्षात ठिणगी पिस्टन खाली निघाल्यावर ७ अंशांनी पडत होती. आग लेट! चाचांनी हे नुसत्या हाताने ओळखलं होतं.

छिन्नीचा घाव कशाचा होता हे मात्र शेवटपर्यंत कळलं नाही.

खरी खाच पुन्हा हरवू नये म्हणून तिच्यात रंग भरायचा होता. घरात पांढरा रंग नव्हता. बायकोच्या नेलपॉलिशची मोरपंखी बाटली होती. ती माहेरी होती, म्हणजे बायको.

अडवायचा प्लग काढला, हँडल सरळ दिशेने फिरवत मोरपंखी खाच ५ अंशांच्या काट्यासमोर आणली. पुढे गेली तर नुसती मागे ओढायची नाही. बरीच मागे नेऊन पुन्हा सरळ दिशेने आणायची, म्हणजे चेनचा ढिलेपणा हिशोबात येत नाही. मग रोटर पाहिला. तो भलतीकडेच तोंड करून उभा. मला आठवत होतं त्याप्रमाणे एक नंबरची वायर कार्बोरेटरच्या... की उलट बाजूला? पिशवीतल्या वायरी माझ्याकडे बघत होत्या.

डेल्को उलटा बसलाय असं समजावं तर तेही शक्य नव्हतं. त्याच्या बुडाची जीभ मधोमध नसते, किंचित एका बाजूला असते, त्यामुळे तो उलटा बसतच नाही. मग मी शहाणपणा केला. रोटर जिकडे बघतोय तिथे एक नंबरची वायर, आणि तिथून घड्याळाच्या उलट्या दिशेने, पेटायच्या क्रमाने १-३-४-२.

मग बल्बचं काम. हे मला सगळ्यात आवडलं. इंडिकेटरचा १२ व्होल्टचा बल्ब, त्याला दोन वायरी. एक डेल्कोच्या बारीक वायरीच्या टर्मिनलला, दुसरी इंजिनच्या बॉडीला. चावी ऑन. पॉइंट मिटलेले असतात तोवर करंट त्यांच्यातूनच अर्थला जातो आणि बल्ब विझलेला राहतो. पॉइंट उघडले की करंटला बल्बाचीच वाट उरते. डेल्कोचा बोल्ट सैल केला, तो आधी रोटर फिरतो त्या बाजूला वळवला, बल्ब विझला. मग केसाकेसाने उलटीकडे. संध्याकाळ झाली होती, योगेश्वरीच्या देवळात आरतीची घंटा सुरू होती, आणि हातात बल्ब टचकन लागला. बोल्ट आवळला तर आवळताना डेल्को सरकला. पुन्हा. पुन्हा सरकला. तिसऱ्यांदा एका हाताने दाबून धरला तेव्हा जमलं. मधेमधे चावी बंद करत होतो, पॉइंट मिटलेले असताना चावी चालू ठेवली तर कॉइल भाजते.

प्लग बसवले, स्टार्टर मारला.

आवाज असा झाला की लिंबावरचे कावळे उडाले. एअर फिल्टर काढलेला होता, कार्बोरेटरच्या तोंडातून हातभर जाळ आला आणि पाठोपाठ सायलेन्सरमधून दुसरा बार. भिंतीपलीकडून शेजारच्या आजींचा आवाज आला, "गणपती यायला आठ दिवस हायेत की रे अजून! आत्ताच कामून उडवायलास?" अर्धी बादली वाळू गाडीजवळ ठेवली होती, ती लागली नाही, पण भुवयांचा वास बराच वेळ येत राहिला. कार्बोरेटरवर वाकून दुसऱ्याला स्टार्टर मारायला सांगितला नव्हता हे नशीब.

रविवारी चाचा आले. सगळं ऐकून घेतलं, हसले नाहीत, हसू दाबलं. एक नंबरचा प्लग काढला, भोकावर माझा अंगठा ठेवला आणि स्वतः हँडल फिरवायला लागले. "निशान आया?" आला. "अंगूठे को धक्का लगा?" नाही, नुसती हवा सुळकन निघून गेली. "अब और एक चक्कर." या वेळी खाच काट्यासमोर यायच्या आधीच अंगठा भोकावरून उडाला.

क्रँक दोन वेळा फिरते तेव्हा रोटर एकदा फिरतो. त्यामुळे पुलीची खाच काट्यासमोर दोनदा येते. एकदा एक नंबर दाबून पेटायला तयार असतो, आणि एकदा तो जळका धूर बाहेर टाकून नुसता वर आलेला असतो. तेव्हा पेटायची पाळी चार नंबरची असते. मी खाच शोधायला अख्खी दुपार घालवली, मिलिमीटर मोजले, आणि ती कुठल्या फेऱ्यात आली हे बघितलंच नाही. अंगठा ठेवायचा नसेल तर टॅपेट कव्हर उघडून चार नंबरचे व्हॉल्व्ह बघायचे, असंही चाचांनी दाखवलं: एक मिटत असताना दुसरा उघडायला लागला की एक नंबर पेटायला तयार.

दुरुस्ती पाच मिनिटांची निघाली. एकच्या जागी चार, तीनच्या जागी दोन, वायरींची अदलाबदल. बल्बचं काम पुन्हा करावंच लागलं नाही, कारण चार नंबरसाठी पॉइंट उघडतात तेही त्याच ५ अंशांवर. तरी दोन फेरे फिरवून बघितलं. बल्ब जिथे लागायला हवा तिथेच लागला. गाडी पहिल्या झटक्यात सुरू झाली, आणि तो आवाज मी काकांच्या हयातीनंतर ऐकला नव्हता. चाचांनी मागे जाऊन पुन्हा धुरापाशी हात धरला आणि मान हलवली.

नंतर रस्त्यावर तपासणी. पुस्तकातले ५ अंश १९७७ च्या पेट्रोलसाठी, आताचं पेट्रोल वेगळं, म्हणून शेवटचा निकाल रस्ताच देतो. टॉप गिअरमध्ये पन्नासच्या आसपास असताना ॲक्सिलरेटर दाबायचा. किंचित टिकटिक होऊन लगेच विरली तर ठीक, होतच राहिली तर ठिणगी जास्त लवकर, डेल्को थोडा मागे घ्यायचा. आमची विरली.

पुढच्या सोमवारी आईला घेऊन परळीला गेलो. येताना घाटात काटा मधल्या रेघेवर होता. आईने एकदाही पदर हलवला नाही, वर पोचेपर्यंत ती झोपून गेली होती.

बायको मंगळवारी माहेराहून आली. नेलपॉलिशच्या ब्रशला काळं तेल कसं लागलं, हे तिला अजून पटेल असं सांगता आलेलं नाही.