आमची वाटचाल : दोन खोल्यांतलं संकलन

चित्रपटाचं संकलन मी मुंबईत सहायक म्हणून शिकलो, स्टीनबेक या फिल्म संकलनाच्या टेबलावर. 35 मिलिमीटरची फिल्म, हातात पांढरे सुती हातमोजे. सेकंदाला 24 फ्रेम, फुटाला 16. हजार फुटांचं रीळ म्हणजे जेमतेम अकरा मिनिटं. कट चुकला की टेप सोलायची, बिनमधून, म्हणजे कापलेले तुकडे ठेवायच्या पेटीतून, तुकडा शोधायचा, पुन्हा जोडायचा. चार फ्रेमच्या एका तुकड्यासाठी मी अर्धी रात्र फरशी चाचपली आहे. कापण्याआधी दहादा बघायची सवय तिथली.

2004 साली पुण्यात दोन खोल्या भाड्याने घेतल्या. बायकोच्या पाटल्या गहाण पडल्या तेव्हा पहिला संगणक आला. त्याच वर्षी ‘श्वास’ला सुवर्णकमळ मिळालं आणि मराठीत चित्रपट करू पाहणारी नवी मंडळी दारात यायला लागली. त्यांच्याकडे पैसे कमीच. माहितीपट आणि संस्थांच्या फिल्मवर भाडं निघायचं, चित्रपट रात्री व्हायचे.

पहिल्या चित्रपटातलं एक दृश्य अजून डोळ्यांपुढे आहे. धाकटा आईला सांगतो, “तो आता परत यायचा नाही.” वाक्य संपल्यावर मी आईवर कट केला होता आणि दृश्य काही केल्या उभं राहीना. तिसऱ्या दिवशी लक्षात आलं, आपल्या भाषेत नकार शेवटी येतो. ‘यायचा’ म्हणेपर्यंत आईला आशा आहे! मग आठ फ्रेम अलीकडे, ‘यायचा’ संपता संपता तिच्या चेहऱ्यावर गेलो आणि ‘नाही’ तिच्यावर पडू दिलं. दिग्दर्शक काही न बोलता बाहेर जाऊन आले. म्हणाले, “आता याला हात लावू नका.”

तेव्हापासून नव्या सहायकाला आधी डोळे मिटून रशेस, म्हणजे चित्रीकरणाचं न कापलेलं साहित्य, ऐकायला लावतो. मालवणी चित्रपट आला तेव्हा त्या बाजूच्या माणसाला शेजारी बसवलं. ‘येवचो नाय’ मधला ‘नाय’ किती लांबतो, ते माझ्या पुणेरी कानाला कसं कळणार?

वाईट दिवसही आले. एकदा हार्ड डिस्क बसली आणि अकरा दिवसांचं काम गेलं. निर्मात्यांना त्याच संध्याकाळी सांगितलं, सगळं पुन्हा फुकट केलं. आता प्रत्येक कामाच्या तीन प्रती, त्यातली एक घरच्या कपाटात. आणखी एका चित्रपटाचा शेवटचा हप्ता कधी आलाच नाही. चित्रपट लागला, उतरलाही. त्यानंतर हिशेब पूर्ण झाल्याशिवाय अंतिम प्रत बाहेर जात नाही. असा नियम करताना जड गेलं, पण दोन सहायकांचे पगार द्यायचे होते.

कॅमेरा डिजिटल झाल्यापासून टेक मोजत कुणी बसत नाही. तरी प्रत्येक टेक आम्ही पाहतोच. अंदाजपत्रकात ‘रशेस पाहणे, 8 दिवस’ अशी वेगळी ओळ असते. ती बघून काही जण दुसरीकडे जातात, त्याला इलाज नाही.

सध्या आतल्या खोलीत आमची सहायक तिचा पहिला चित्रपट स्वतंत्रपणे करते आहे. काल तिचा रशेसचा सहावा दिवस झाला, अजून दोन आहेत.